यादी पे शादी

शुक्रवारी कँटीनमध्ये टीममधल्या एका पोराने विचारलं, "तुझं लग्न झालंय ना गेल्या वर्षी? मग सांग, पर्सनल लोनला कुठली बँक बरी?"

मला वाटलं घर घेतोय. तर नाही. लग्न करतोय. पाच लाख हवेत, तीन वर्षांचे हप्ते. पोरगं हुशार आहे हो. माझ्या कोडमध्ये एक ओळ जादा दिसली तरी रिव्ह्यूत पकडतं. आणि तेच पोरगं वरमाला घालताना वरून पाकळ्या सोडणारा ड्रोन पाहिजे म्हणून तीन वर्षं हप्ते भरायला तयार! मी तिथल्या तिथे मोबाईलवर गणित करून दाखवलं. १२ टक्के व्याज धरलं तरी महिन्याला १६,६०० रुपये, आणि व्याजाचेच वर साधारण ९८ हजार. तो म्हणाला, "जाऊ दे रे, लग्न एकदाच होतं."

त्यावर मी जे बोललो ते टेबलाभोवतीच्या गोंगाटात अर्धवटच राहिलं. म्हणून आज शनिवारी, चहाचा दुसरा कप घेऊन, सगळं लिहून काढतोय. चिडून लिहितोय हे आधीच कबूल करतो.

तर आमच्या लग्नाची गोष्ट. मी कोरेगावचा, सातारा जिल्हा. बायको बार्शीची. दोघं पुण्यात नोकरीला. मी कोड लिहितो, ती टेस्टर आहे, म्हणजे दुसऱ्याच्या चुका शोधणं हा तिचा पेशाच (घरातही). लग्न आमचं आम्ही ठरवलं, घरच्यांनी फारशी खळखळ न करता मान्य केलं, आणि मग रीतीप्रमाणे बार्शीला याद्यांची बैठक बसली.

शहरात वाढलेल्यांसाठी सांगतो. आमच्याकडे लग्न जुळलं की दोन्हीकडची चार-चार वडीलधारी माणसं सतरंजीवर बसतात आणि कागदावर लिहून काढतात की कोणी काय करायचं. साखरपुडा कोणाकडे, हळद कोणाकडे, मानपान कोणी करायचा, सोनं किती, कपडे कोणाचे कोणी. दोन प्रती, खाली सह्या. तुम्ही आम्ही ऑफिसात जिला रिक्वायरमेंट म्हणतो ना, तीच ही. फरक इतकाच की यात ज्यांचं लग्न आहे त्यांना कोणी काही विचारत नाही. मला तर पोहे खाऊन बाहेर बसायला सांगितलं होतं. मी बसलो नाही, दाराला टेकून उभा राहिलो.

यादी लिहायला बसले होते माझे होणारे सासरे. आडत दुकानात तीस वर्षं हिशेब लिहिलेला माणूस. अक्षर असं की छापल्यासारखं. आमचे थोरले काका सांगत होते आणि ते लिहीत होते. "लग्न वधूपक्षाने करून देणे." लिहिलं. "दोन्हीकडचा मानपान वधूपक्षाने." लिहिलं. "वऱ्हाडी अंदाजे सातशे." लिहिलं. काका काही दुष्ट नाहीत हं, त्यांच्या स्वतःच्या दोन मुलींच्या लग्नात त्यांनी हेच मान खाली घालून लिहून घेतलंय. पण मी उभा होतो तिथून मला दिसत होतं की सासरे मधूनच तो कागद उलटा करतात आणि मागच्या कोऱ्या बाजूला पेन्सिलीने बारीक आकडे मांडतात. एकदा मांडले. पुसले. परत मांडले. चेहऱ्यावर काही नाही. माणूस आयुष्यभर दुसऱ्याचे हिशेब जुळवत आला, स्वतःचा काही जुळेना.

रात्री तिचा फोन आला. तिच्या बाबांची सहा लाखांची एफडी होती, ती मोडायचं ठरलं होतं, आणि पतसंस्थेतून आणखी तीन लाख. तिचा धाकटा भाऊ तेव्हा बारावीत. ती म्हणाली, "हे असं होणार असेल तर मला लग्नच नको. तुझ्याशी नको असं नाही. हे लग्न नको."

त्या रात्री आम्ही एक्सेल उघडली.

दोन्ही घरांनी मिळून जे जे ठरवलं होतं ते सगळं मांडलं. १२०० माणसांचं जेवण, २२० रुपये ताट, म्हणजे २ लाख ६४ हजार. लॉन दीड लाख. स्टेज-मांडव १ लाख २० हजार. साखरपुडा वेगळा हॉल घेऊन दीड लाख. फोटो-व्हिडिओ-ड्रोन आणि लग्नाआधीचं ते बागेतलं पळापळीचं शूटिंग मिळून १ लाख ४० हजार. मानपानाच्या साड्या, फेटे, टॉवेल-टोप्या पावणेदोन लाख. कपडे, बँड, हळद, पत्रिका, वऱ्हाडाच्या गाड्या धरून बेरीज आली १३ लाख २४ हजार. सोनं सोडून. हे एका हिशेबनिसाच्या आणि एका एसटीतून रिटायर झालेल्या मेकॅनिकच्या पोरांचं लग्न!

आता लग्नाच्या खर्चावर सल्ले सगळीकडे मिळतात. कार्ड स्वस्त छापा, फुलं मार्केट यार्डातून आणा, फोटोग्राफरशी घासाघीस करा. आम्हीही हे सगळं आधी करून पाहिलं. दोन रविवार फुकट गेले आणि वाचले किती, तर साठेक हजार. तेरा लाखांत साठ हजार! मग बायकोने (तेव्हा होणाऱ्या) बग शोधून काढला. म्हणाली, "तू किमती बदलतोयस. पहिला आकडा बदलून बघ." पहिला आकडा म्हणजे माणसं. १२०० च्या जागी २५० टाकले आणि अख्खी शीट धडाधड खाली आली. कारण लॉनचा आकार माणसांवर, खुर्च्या माणसांवर, गाड्या माणसांवर, पत्रिका माणसांवर, मानपान माणसांवर, वाढपी माणसांवर. लग्नाचं बजेट म्हणजे पैशांची यादी नव्हेच मुळी. माणसांची यादी. ती एक कापता येत नसेल तर बाकी सगळी काटकसर म्हणजे नळ चालू ठेवून फरशी पुसणं.

आणि इथेच भांडण सुरू होतं. कारण फुलं कापली तर कोणी रुसत नाही, माणसं कापली की रुसतात.

आमचे अप्पा शांत माणूस. त्या दिवशी पहिल्यांदा माझ्यावर आवाज चढवला. "लेका, तीस वर्षं मी लोकांच्या मांडवात जेवलोय. कोणी गरीब होतं, कोणी कर्ज काढलं होतं, पण मला पंगतीत बसवून आग्रहाने वाढलं. आता माझी पाळी आली तर मी दार लावून घेऊ? तू पुण्यात राहशील. मला त्याच गल्लीतून दूध आणायला जायचंय."

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. खरं सांगायचं तर आजही पूर्ण नाही. लग्नाच्या उधळपट्टीवर लिहिणारे सगळे 'लोक काय म्हणतील' या वाक्याची टिंगल करतात, मीही करायचो. पण अप्पांना लोकांची भीती नव्हती, त्यांना देणं फेडायचं होतं. गावात जेवणाचं देणं हे खरंच देणं असतं, वहीत नसलं तरी. मी एवढंच म्हणालो की, "अप्पा, देणं तुमचं आहे ना, मग ते तिच्या बाबांनी एफडी मोडून का फेडायचं?" अप्पा गप्प झाले. दोन दिवस बोललेच नाहीत. तिसऱ्या दिवशी म्हणाले, "अर्धं अर्धं कर. पण यादी मी करणार."

चालेल म्हटलं.

एक गंमत सांगतो. या भांडणात आपल्या बाजूने पुरावा हवा म्हणून मी १८७५ च्या दंग्यांबद्दल वाचायला घेतलं. त्या वर्षी मे महिन्यात सुप्यापासून सुरुवात होऊन पुणे-नगर भागातल्या शेतकऱ्यांनी सावकारांचे रोखे आणि वह्या जाळल्या होत्या. इंग्रज सरकारने चौकशी आयोग नेमला. लहानपणापासून ऐकत आलो की आपला शेतकरी लग्नकार्यातल्या खर्चाने बुडाला, तेव्हा म्हटलं मिळाला पुरावा! तर आयोगाने उलटंच लिहून ठेवलंय. लग्नाच्या खर्चाला उगाच जास्त महत्त्व दिलं जातं, बियाणं, बैल, धान्य आणि सरकारी सारा यांची परत परत लागणारी बारकी कर्जंच रयतेला जास्त बुडवतात, असं. झालं, माझा पुरावा माझ्याच अंगावर आला.

पण मग विचार केला, माझं म्हणणं यातून आणखीच पक्कं होतं की. तो कुणबी कर्ज काढत होता ते पेरायला आणि सारा भरायला. त्याच्यापुढे दुसरी वाट नव्हती. आणि आम्ही? महिन्याच्या एक तारखेला खात्यात पगार जमा होणारे, पीएफ कापला जाणारे, टॅक्स वाचवायला मार्चमध्ये धावपळ करणारे शिकलेसवरलेले लोक, ड्रोनसाठी हप्ते काढतो. आणि वर गावाकडच्या अडाणी रूढींना नावं ठेवतो. गावच्या लग्नात उधळपट्टी म्हणजे फार तर बुंदीची पातेली आणि बँजो. संगीत, मेहंदीचा वेगळा दिवस, पिवळ्या रंगाची हळद पार्टी, मॉरिशसच्या देखाव्याचं स्टेज हे कोणी आणलं? आपण आणलं. काकांच्या यादीत यातलं एकही कलम नव्हतं. आमच्या १३ लाख २४ हजारांतले निदान तीन लाख आम्हा दोघांच्या मोबाईलमधून आले होते, दुसऱ्यांचे फोटो बघून बघून. (माझी शेरवानी १८ हजारांची. एकदा घातली. आता कपाटात प्लास्टिकमध्ये लटकलीय. रात्री कपाट उघडलं की कोणीतरी उभं आहे असं वाटून दचकायला होतं.)

मानपानाबद्दल तर बोलायलाच नको, पण बोलतो. मानाची साडी ही महाराष्ट्रात नेसायची वस्तूच नाही. ती एक प्रकारची हुंडी आहे. आत्याला मिळते, आत्या ती जावेच्या भाचीला देते, भाची बारशाला कोणाला तरी, आणि घडी कधीच मोडत नाही. माझ्या आईच्या ट्रंकेत अशा १९ साड्या निघाल्या. एकीला अजून कोणाच्या तरी लग्नाची चिठ्ठी टाचलेली, नावं वाचून आईला माणसं आठवेनात. टॉवेल-टोपीचं तेच. डोक्यावर टोपी घालणारी पिढी संपत आली, पण मांडवात टोप्यांचे गठ्ठे येतच असतात. आम्ही ठरवलं, मानपान बंद, दोन्हीकडून, अगदी सख्ख्यांनाही नाही. एकाला दिलं की दुसऱ्याचा अपमान होतो, कोणालाच नाही दिलं तर फक्त चर्चा होते. पावणेदोन लाखांचं कलम एका वाक्यात गेलं. मामा मात्र अडून बसले. शेवटी मामांना फेटा बांधला. काही गोष्टींना इलाज नसतो.

मग कोणीतरी विचारतंच, "एवढं होतं तर रजिस्टर का नाही केलं?" विचार केला होता. विशेष विवाह कायद्याखाली तीस दिवस आधी नोटीस द्यायची, तीन साक्षीदार न्यायचे, झालं. पण दोन्ही आयांचे चेहरे बघितले आणि सोडून दिलं. माझा विरोध मंगलाष्टकांना नाहीच. महात्मा फुल्यांनी १८७३ साली सत्यशोधक समाज काढला आणि त्याच डिसेंबरात पुण्यात भटजीशिवाय, अगदी थोडक्या खर्चात पहिलं सत्यशोधक लग्न लावून दाखवलं. म्हणजे दीडशे वर्षांपूर्वी याच गावात कोणीतरी हे करून मोकळं झालंय, आणि आपण अजून 'साधं लग्न' म्हणजे काहीतरी क्रांती असल्यासारखं बोलतो.

एवढं मागे तरी कशाला जायचं? एप्रिल २०२१ आठवा. दुसरी लाट. महाराष्ट्र सरकारचा आदेश होता: लग्नाला २५ माणसं, एकच हॉल, दोन तासांत उरका, नाहीतर ५० हजार दंड. माझ्या चुलतबहिणीचं लग्न त्याच आठवड्यात लागलं. मास्क लावून अक्षता, गुरुजी घड्याळाकडे बघत. त्याच काकांची मुलगी ना, ज्यांनी आमची यादी सांगितली! तेव्हा काका म्हणाले होते, "माणसं नाहीत, पण मूहूर्त गाठला." आज ती नांदतेय, सासरी कोणी टोमणे मारत नाही, कोणी रुसलेलं नाही. दंडाची भीती असली की ज्या गोष्टी शक्य असतात त्या आपल्या अकलेने शक्य का नसतात? आणि मुहूर्ताचं म्हणाल, तर आयुष्यात पहिल्यांदा मी वेळेवर लागलेलं लग्न बघितलं ते. एरवी १२ वाजून ३५ मिनिटांचा मुहूर्त असतो आणि दीड वाजेपर्यंत माईकवर मान्यवरांचं स्वागत चाललेलं असतं. नवरी अंतरपाटाआड उभी, आणि पंचायत समितीचे कोणीतरी 'दोन शब्द' बोलतायत.

असो. आम्ही काय केलं ते सांगतो.

लग्न पुण्यात केलं. बार्शीत केलं असतं तर अख्खी बाजार समिती आली असती, कोरेगावात केलं असतं तर अख्खी भावकी. पुणे दोघांनाही लांब. ज्याला खरंच यायचंय तोच पहाटे उठून गाडीत बसतो. यादी अशी आपोआप गाळून निघाली, कोणाला तोंडावर नाही म्हणावं लागलं नाही (फारसं). वार गुरुवार घेतला, कार्यालय पेठेतलं जुनं, छोटं. ६० हजार, जीएसटी धरून. हे धरून-न धरून नीट विचारून घ्या, हॉलच्या भाड्यावर १८ टक्के म्हणजे चेष्टा नाही. साखरपुडा त्याच दिवशी सकाळी. हळद आपापल्या घरी. सजावट झेंडूची, ३० हजार. फोटो ४५ हजार, व्हिडिओ नाही. (लग्नाचा व्हिडिओ तुम्ही शेवटचा कधी पाहिलात?) तिने मुहूर्ताला आईचाच शालू नेसला, तो खर्च शून्य, आणि सगळ्या फोटोंत सगळ्यात देखणा तोच दिसतो.

जेवणात मात्र कंजूषपणा केला नाही. ताट ४५० रुपयांचं. मसालेभात, अळूची भाजी, गरम जिलबी, मठ्ठा. पंगत बसवून, आग्रहाने. ताटाची किंमत दुप्पट झाली आणि जेवणाचं बिल २ लाख ६४ हजारांवरून १ लाख २६ हजारांवर आलं. हे गणित मी आजही लोकांना कागदावर काढून दाखवतो. अप्पा स्वतः जिलब्यांचं ताट घेऊन फिरत होते.

एकूण खर्च ४ लाख ३ हजार. ठरवलेले ४ लाख. तीन हजार जास्त, ते मामांचा फेटा आणि ऐनवेळी सांगितलेले सनईवाले. पैसे आमच्या दोघांच्या बचतीतून, निम्मे निम्मे. एफडी मोडली नाही. धाकटा मेहुणा आता इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे, सोलापुरात, फी तिच्या व्याजातून नाही भागत पण तिच्या भरवशावर घर निवांत झोपतं.

सगळं गोड झालं असं नाही. आमच्या आळीतले एक काका, सख्खे नव्हेत, पण लहानपणी मला सायकल शिकवली ती त्यांनी. यादीत त्यांचं नाव राहिलं. कापलं नव्हतं, राहिलंच. दोघांनी तपासलेली यादी, त्यातली एक टेस्टर, आणि तरी राहिलं. गावी गेल्यावर पेढे घेऊन गेलो तर त्यांनी पेढा घेतला, पाणी दिलं, आणि सायकलचा विषय काढला नाही. १२०० माणसं बोलावली असती तर ते नक्की आले असते, हे मला माहीत आहे. आणि अप्पांनी नंतर गावच्या यात्रेत एक दिवसाचा महाप्रसाद आपल्या पेन्शनमधून घातला. किती खर्च आला ते सांगितलं नाही. मीही विचारलं नाही. तो आकडा एक्सेलमध्ये नाही.

लग्नाच्या दिवशीची एक गोष्ट राहिली. जेवणं उरकत आली तेव्हा केटररचा माणूस वही घेऊन आला. "साहेब, ३१२ ताटं झाली." शेरवानीत घामाघूम झालेला मी खिसे चाचपायला लागलो. इतक्यात मागून सासरे आले. वधूपिता. त्या दिवशी त्यांनी खुर्चीवर बसून नमस्कार घ्यायचे, आणि हा माणूस सकाळपासून जिन्यापाशी उभा का असतो हे मला कळत नव्हतं. त्यांनी कोटाच्या खिशातून घडी घातलेला कागद काढला. पेन्सिलीने मारलेल्या काड्या, पाच-पाचचे गठ्ठे, त्याच छापल्यासारख्या हातातल्या.

"दोनशे ऐंशी," ते म्हणाले. "मी आणि तुमची पोरं जेवायची राहिलोय, ती धरून."

केटररने एकदा कागदाकडे बघितलं, एकदा त्यांच्याकडे. वहीतला आकडा खोडला. सासऱ्यांनी कागद परत घडी घालून खिशात ठेवला आणि म्हणाले, "चला आता, भूक लागली."